आईच्या आवाजाची फाइल

आई गेली आणि मग लक्षात आलं, तिचा आवाज आमच्याकडे कुठेच नाही. मोबाइलमध्ये फोटो ढीगभर, सगळे मुके. वडिलांचं एकच टुमणं, "तुझ्या हळदीत ती गायली होती. ते आण." माझं लग्न भेस्तानच्या पार्टी प्लॉटमध्ये झालं, शूटिंग आमच्या डिंडोलीच्याच फोटोवाल्याचं. त्याने दिलेली सीडी केव्हाच खराब झाली, आणि आता तोही वारला.

त्याच्या बायकोने, म्हणजे वहिनींनी, हार्ड डिस्क काढून दिली. उघडली तर एकाही फाइलला माणसाचं नाव नाही! केडी एच एक एम, डीडी व्ही दोन जी, असलंच सगळं. अहो, नवरीचं नाव लिहायला काय झालं होतं? पण गल्लीत निम्मे पाटील आणि उरलेले त्यांचे व्याही, नावावरून त्याला तरी काय कळणार! गेलेल्या माणसावर चिडू नये म्हणतात. मी चिडले.

रोज दुपारी जाऊन बसायचे. परत आले की वडील दारातच, "सापडनं का?"

शेवटी वहिनींनाच उमगलं. त्यांच्या नवऱ्याला फक्त कुठे जेवलो तेवढं आठवायचं. बीएस म्हणजे भेस्तान, केडी म्हणजे कडोदरा. एच हळद, व्ही वरात. आकडा म्हणजे त्या गावातलं कितवं लग्न. शेवटचं अक्षर कळेना, ते सोडून दिलं. भेस्तानच्या हळदी एकेक उघडत गेलो आणि तिसरीत आई! जात्यापाशी बसलेली, मान हलवत गातेय. आणि वर सिनेमाचं गाणं.

"जी म्हणजे गाणं," वहिनी हळूच म्हणाल्या. मूळ आवाज काढून गाणं भरायचं, तेव्हा सगळे तेच मागायचे. एम म्हणजे मूळ. आमचं एम नव्हतंच, डिस्क भरली तेव्हा पुसलं असणार. कडोदऱ्याचं होतं. त्यात दुसऱ्यांच्या आया गात होत्या. मला तिथेच रडू फुटलं.

तरी घरी टीव्हीवर लावलं. यंत्रमागावर आयुष्य काढून वडिलांचे कान बाद झालेत. खुर्ची ओढून ते पडद्याला नाक लावून बसले, डोळे तिच्या ओठांवर. मी गाणं बारीक केलं. त्यांना सांगू काय, कपाळ?

ते वळले. "आवाज मोठा कर ना, ती गाई ऱ्हायनी."

मी मोठा केला.