इसोगाईसानचा डावा डोळा

क्योतोच्या आमच्या सिनेमा स्टुडिओत उजेड मोजायचं यंत्र होतं आणि कॅमेरामन इसोगाई तोकुजी होते. भरवसा सगळ्यांचा इसोगाईसानवर. उन्हाकडे गाल करून क्षणभर उभे राहायचे आणि भिंग किती उघडायचं त्याचा आकडा सांगायचे; आकडा जितका लहान, तितका उजेड जास्त आत. मी, मुरानाका, त्यांचा पहिला सहायक. सांगितल्या आकड्यावर भिंगाची कडी फिरवणं माझं काम. अठरा वर्षांत पडद्यावर एकही चेहरा काळवंडला नाही. हे माणसाला जमतं कसं, ते मला अजून उमगलेलं नाही.

त्या शरदात एकदा ते कॅमेऱ्याला डावा डोळा लावताना दिसले. उजवा गेला होता.

"कुठे बोललास तर याद राख," एवढंच म्हणाले. निर्मात्याला कळलं असतं, तर कॅमेरा त्यांच्याकडून काढूनच घेतला असता.

शेवटचा प्रसंग गवताच्या माळावर होता. नायिका चालत झाडापर्यंत येणार. दुपारी गावकरी छपरं शाकारायला ते गवत कापणार होते, म्हणजे संधी एकच.

"चार," इसोगाईसान म्हणाले.

माझं यंत्र साडेपाच दाखवत होतं. "अहो, एवढं उघडलं तर तिचा चेहरा पांढराफटक पडेल!"

"ती झाडापाशी पोचेल तेव्हा ढग येईल. वारा वळलाय. चार म्हणजे चार."

आभाळात ढगाची चिंधी नव्हती. मला वाटलं, म्हातारा संपला, आता याची अब्रू आपणच राखली पाहिजे. मी गुपचूप साडेपाच लावलं.

नायिका झाडापाशी पोचली आणि डोंगरामागून ढग आला. माझी कडी साडेपाचवरच होती.

चार दिवसांनी पडद्यावर सगळ्यांनी पाहिलं: झाडाखाली तिचा चेहरा कोळशासारखा.

"इसोगाईसान, डोळे तपासून घ्या," निर्माता म्हणाला.

मी उठू लागलो. त्यांनी खांदा दाबून मला खाली बसवलं, उभे राहिले आणि कमरेत वाकले. "आकडा मी चुकीचा सांगितला."

पुढच्या चित्रपटाचा कॅमेरा माझ्याकडे आला. मी त्यांच्या घरी जाऊन चटईवर डोकं टेकलं. "कडी मी फिरवली होती."

"ठाऊक आहे."

"मग बोलला का नाहीत?"

"माझा एक डोळा गेलाच होता, बाबा, दुसराही चाललाय. तुझे दोन्ही शाबूत आहेत. चहा घे."

मी रडत होतो, आणि ते चाचपडत माझा पेला शोधत होते.