नकार द्यायला गेलो आणि फेटा बांधून आलो

आता काय सांगू तुम्हाला, जन्मभर परदेशांत राजदूत म्हणून वावरलो, पण खरी फजिती झाली ती हातकणंगल्यात. तीही निवृत्त होऊन कोल्हापुरात घर केल्यावर.

माझा धाकटा भाऊ वसंता शेजारीच राहतो. त्याचं पशुखाद्याचं दुकान आहे. त्याच्या मुलीला, ऋतुजाला, हातकणंगल्याहून स्थळ आलं. पोहे झाले, बघणं झालं, आणि घरी आल्यावर ती म्हणाली, नको. मुलगा वाईट नव्हता, तिच्या मनात भरला नाही, एवढंच. अडचण अशी, की मुलाचे वडील आबा म्हणजे वसंताचं सगळ्यात जुनं गिऱ्हाईक. नकार तर द्यायचा, पण आबा दुखावता कामा नयेत.

"दादा, तूच जा," वसंता म्हणाला. "तुझा जन्म गेलाय की ह्यात."

मला काय, तेच हवं होतं. निवृत्तीनंतर पहिल्यांदाच कुणीतरी कामगिरी सोपवत होतं. आमची ही म्हणाली, मी येते बरोबर. मी म्हटलं, काही गरज नाही. कोट चढवला आणि निघालो.

आमच्या खात्यात दोन गोष्टी अंगात मुरतात. एक, 'नाही' हा शब्द तोंडातून काढायचा नाही. दुसरी, यजमान देईल ते खायचं आणि करील तो मान घ्यायचा. अहो, मी घोडीचं दूध हसत हसत प्यायलोय.

आबांच्या घरी पुढच्या सोप्यात बघतो तर सगळी भावकी जमलेली. मी खूश. आता मला सांगा, आपल्याकडं नकार कसा कळवतात? फोनवर, नाहीतर मध्यस्थाकडून. मुलीचा थोरला चुलता इस्त्रीचा कोट घालून स्वतः दारात आला, म्हणजे तो कशाला आला असणार? हे तुम्हाला कळतं, भावकीला कळत होतं, मला तेवढं कळलं नाही.

मी भाषण सुरू केलं. दोन्ही घरांच्या संबंधांना आम्ही फार मोल देतो, ते असेच वाढत राहावेत, मात्र घाई न करता सगळ्यांच्या सोयीनं पुढं जावं. जगातल्या कुठल्याही राजधानीत एवढं ऐकून समोरचा माणूस कागद आवरून उठला असता.

आबांनी बायकोकडं पाहिलं. "म्हंजे दिवाळीनंतर म्हणतासा?"

"दिवाळीनंतर बघायला काहीच हरकत नाही," मी म्हणालो. आमच्याकडं ह्याहून कडक नकार नसतो.

मग कुंकू लागलं, नारळ आला, फेटा बांधला, तोंडात साखर पडली. मी आपला मान झुकवून उभा. शेवटी कुणीतरी पाटावर सुपारी ठेवली आणि अडकित्ता माझ्या हातात दिला. सुपारी फोडली की लग्न ठरलं, हे मला ठाऊक नव्हतं असं नाही. पण समोर येईल ती फीत कापायची सवय झालेला हात! तो डोक्याला विचारत नाही. कट्‌कन आवाज झाला, टाळ्या पडल्या, तेव्हा कुठं मी काय फोडलं ते डोक्यात शिरलं. तोवर जेवणाची ताटं आली होती. तांबडा रस्सा समोर असताना खुलासा कसा करणार?

घरी पोचलो तर माझ्या आधी आबांचा फोन पोचलेला. वसंता कपाळाला हात लावून पायरीवर बसला होता. ही नुसती फेट्याकडं बघत राहिली.

ऋतुजाचे डोळे भरले. "काका, तुम्ही माझं लग्न ठरवून आलासा?"

खरं सांगतो, तेव्हा मला माझी फार लाज वाटली. मी म्हटलं, पोरी, मी आत्ता खुलाशाचा मसुदा करतो. तिनं मसुद्याची वाट न बघता फोन उचलला.

"आबा, मी ऋतुजा बोलतोय. मला ह्यो संबंध नको हाय. तुमच्यावर राग न्हाय, तुम्हीबी मानू नका."

फोन स्पीकरवर होता. वसंतानं डोळे मिटले. मग आबांचा मोठा सुस्कारा सगळ्यांना ऐकू आला.

"अगं, मग आदी सांगायचं की. आमचं पोरगंबी न्हायच म्हणत हुतं. पर तुजा काका, एवढा मोठा माणूस, कोट घालून दारात आला. आमाला न्हाय म्हणवंना बघ. बरं, तुज्या बाला सांग, उद्याच्याला पेंड पाठव."

म्हणजे बघा, नवरा नको म्हणत होता, नवरी नको म्हणत होती, आणि मी एकट्यानं सुपारी फोडून आलो होतो.

हल्ली आमच्या घरातले सगळे नकार ऋतुजा देते. मलाही नेतात कधी कधी, होकार द्यायचा असला की. फक्त निघताना आमची ही बजावते, तिथं गेल्यावर बोलायचं काही नाही, आणि हात खिशातून बाहेर काढायचे नाहीत.