सुपरवायझर, असं मी सांगितलं

हे मी कुणाला बोललो नाही. बायकोला नाही, आईला तर नाहीच. तुम्ही माझे कोण लागता, ठाऊक नाही — पण ऐका.

आमच्या घराण्यात पदवी घेतलेला पहिला मी. वडील गवंडी, आजा गवंडी. मी बी.कॉम. झालो, परीक्षा दिली, केंद्र सरकारच्या नोकरीत लागलो आणि चेन्नईत अड्यारला येऊन राहिलो. त्याचा अभिमान होता. आजही आहे, लपवत नाही. धाकटा भाऊ सुरेश दहावीला थांबला. पण फरशी बसवावी तर त्यानंच — पाणसळ ठेवून बघा, बुडबुडा मधोमध. जवळच्या वेलचेरीत तेव्हा अपार्टमेंटवर अपार्टमेंट उठत होती, म्हणून मीच त्याला बोलावून घेतलं. ऑफिसात मात्र, भाऊ काय करतो असं कुणी विचारलं, की 'बांधकामात आहे' म्हणून मी विषय बदलायचो.

एकदा फरश्यांचा खोका घेऊन जिना उतरताना त्याचा पाय मुरगळला. गुडघ्याच्या आतलं लिगामेंट तुटलं. ऑपरेशन ठरलं.

डॉक्टर भला माणूस होता. हे आज म्हणतो. तेव्हा मला त्याच्या शब्दाशब्दात काळंबेरं दिसत होतं. कागदावर गुडघा काढून तो इंग्रजीत समजावत होता — तुटलेल्याच्या जागी याच्याच पायातला टेंडन लावायचा. एक तर वाटीखालची जाड पट्टी, दोन्ही टोकांना हाडाचा तुकडा ठेवून. ती हाडात लवकर धरते. नाहीतर मांडीच्या मागच्या दोन बारीक दोऱ्या. मेलेल्या माणसाचाही लावतात, पण तो इथं सहज मिळत नाही म्हणाला. मी मान डोलावत होतो, आणि मनात — हा इतके पर्याय का मांडतोय? उद्या बिघडलं तर 'तुम्हीच निवडलंत' म्हणायला?

मग सुरेशकडे बोट करून त्यानं विचारलं, याचं काम काय? गुडघे टेकावे लागतात का?

हे कशाला हवं याला? मजूर दिसला की शिकाऊ डॉक्टरांच्या हाती देतात, असं मी ऐकून होतो. तेच असणार, मी ठरवून टाकलं. पण तेवढंच होतं का? इस्त्रीचा शर्ट घालून, तोलून-मापून इंग्रजी बोलत बसलेला मी — 'फरश्या बसवतो' हे माझ्या तोंडून निघेना.

"सुपरवायझर आहे," मी म्हणालो. "उभ्यानं करायचं काम."

मग वाटीखालची पट्टीच घेऊ, डॉक्टर म्हणाला. ती काढली की गुडघा टेकताना पुष्कळांना दुखत राहतं, पण याला ती अडचण नाही. — हे मी ऐकलं. नीट ऐकलं. अजून वेळ गेली नव्हती.

"दादा, काय म्हनत्यात?" सुरेशनं विचारलं.

"काही नाही. सही कर."

त्यानं केली.

ऑपरेशन चांगलं झालं. तो चालतो, जिने चढतो. फक्त गुडघा जमिनीला लागला की वाटीखाली सुरी फिरते. उशी घेऊन बघितली, फडकी बांधून बघितली. वर्षभर झगडला, मग थापी आणि रबरी हातोडा जोडीदाराला देऊन टाकला. आता एका दुकानात गिऱ्हाइकांना फरश्यांचे नमुने दाखवतो.

घरी मी सांगितलं, डॉक्टरनं चुकीची पट्टी निवडली. आईनं लगेच मानलं. का नाही मानणार? शिकलेल्या मुलाचा शब्द. डॉक्टर चुकला नव्हता. मी खोटं बोललो होतो.

एकदा सुरेशनं सहज विचारलं, "तवा डॉक्टर माज्याकडं बोट करून काय इचारत हुता, दादा?"

"वय," मी म्हणालो.

"वय व्हय. बरं."

त्या 'बरं'नं माझी झोप नेली. इंग्रजी त्याला येत नाही, खरं. पण 'सुपरवायझर' हा शब्द तो साइटवर दिवसातून पन्नासदा ऐकत होता. मग ऐकून गप्प का बसला? माझी लाज राखायला? मी विचारलेलं नाही.

परवा जेवताना आई पुन्हा त्या डॉक्टरला शिव्या देत होती — मेल्याचे हात झडोत. सुरेशनं भाताचा घास खाली ठेवला.

"त्याला नगं बोलूस, आई," तो म्हणाला. "त्यानं इचारलं हुतं."

आई त्याच्याकडे बघत राहिली. मी ताटातून मान वर केली नाही.