सत्तावीस सेलांवर केलेले उपकार

शुद्धलेखनाकडे बघू नका, शब्दही साधेच आहेत. माझी शाळा नववीत सुटली. बरंच झालं, नाहीतर या घोटाळ्याचं खापर गुरुजींवर फुटलं असतं.

आता कुठून सुरू करू? कांताताईंपासूनच करतो. चाकणला आमच्या शेडमध्ये इलेक्ट्रिक स्कूटरच्या जुन्या बॅटऱ्या येतात. त्या फोडून आतले सेल काढायचं काम माझं. मला ते सगळे सारखेच दिसतात, पेन्सिल सेलचे थोरले भाऊ. ताई मात्र एकेक उचलतात, मीटर लावतात आणि सांगतात, "ह्यो फॉस्फेटचा, त्यो निकेलचा. एका खोक्यात घालू नको, पटत न्हाई त्यांचं." मग ए, बी, सी अशी ग्रेड. पत्रिका बघणारासुद्धा इतकं ठाम बोलत नसेल.

मला त्यांच्या टेबलावर बसायचं होतं. ताई म्हणाल्या होत्या, "ही दोनशेची खेप नीट पार पडू दे, मग मीटर तुझ्या हातात."

खेप पूर्ण चार्ज करून, प्रत्येक सेलवर मीटरने दाखवलेल्या आकड्याची पट्टी चिकटवून फळीवर ठेवली होती. आठ दिवस, नुसतीच. का, ते विचारायची मला लाज वाटली. म्हटलं, टेबलावर जागा नसेल.

आठव्या दिवशी मी थेरगावच्या घरून दोन तास लवकर निघालो. गुपचूप मीटर लावून बघितलं. बहुतेक सेल पट्टीवरच्या आकड्याला धरून होते, पण सत्तावीस चांगलेच उतरलेले. बिचारे. ताई यायच्या आत सगळे चार्जरला लावले, भरले आणि रांगेत जागच्या जागी ठेवले.

ताई आल्या. दहा तपासले, पन्नास तपासले. कपाळावर आठी.

"इरफान, मीटर बिघडलंय काय रं?"

चांगल्या सेलांचे नवे पॅक जोडणाऱ्या इरफानने दुसरं मीटर आणलं. आकडे तेच. मग शेजारच्या शेडमधून तिसरं आलं. तेही तेच म्हणालं.

"लॉटरी लागली ताई," इरफान म्हणाला. "सगळे ए ग्रेड."

"आठ दिवसांत एकबी उतरला न्हाई? नव्या मालात बी असं व्हत न्हाई."

मला राहवेना. "उतरले होते की ताई. सत्तावीस होते. मी भरले."

ताईंनी मीटर खाली ठेवलं.

"बाळा," ताई हळूच म्हणाल्या, "कोन उतरतंय तेच बघाया ठेवल्यालं. बसल्या बसल्या उतरतो, त्यो सी. कंचे व्हते सत्तावीस?"

मी रांगेकडे बघितलं. इतकं नीटनेटकं काम मी जन्मात केलं नव्हतं.

"भावा," इरफान म्हणाला, "कॉप्या पुरवून अख्खा वर्ग पास केलास की."

ताई ओरडल्या नाहीत. गिऱ्हाइकाला फोन करून आणखी आठ दिवस मागितले, म्हणाल्या, "वाईट सेल माझ्या हातून जानार न्हाई." मग दोनशे पट्ट्या पुन्हा लिहायला बसल्या.

"ताई, आणि माझं मीटर?"

"तुझं बी आठ दिवसांनी बघू."

दुसऱ्या दिवशी सकाळी मी एका पट्टीवर तारीख लिहिली, स्वतःच्या खिशावर चिकटवली आणि फळीशेजारी स्टुलावर हात मांडीवर ठेवून बसलो. ताईंनी बघितलं, इरफानकडून पेन घेतलं आणि तारखेखाली लिहिलं, "सी. सध्या."