सासूबाई सूसला गेल्या तेव्हा

सल्वाला जाऊन चाळीस दिवस झाले. कुराणपठण झालं, आल्यागेल्याला कुसकुस वाढून झालं, पाहुणे पांगले. आता सल्वाची आई मन्नूबिया आपल्या मुलाकडे, राऊफकडे, सूसला जाणार हे सगळ्यांनी धरूनच ठेवलं होतं. सगळ्यांनी म्हणजे तिच्याखेरीज. राऊफ गाडीची किल्ली बोटात फिरवत दारात उभा, आणि ही अंगणातल्या लिंबाखाली बसून सावकाश चहा पितेय.

"आई, निघायचं ना?"

"माझा चहा व्हायचाय," ती म्हणाली.

तो चहा पुढं तीन वर्षं चालला.

राऊफनं थोडा वेळ वाट पाहिली, मग पुढच्या आठवड्यात येतो म्हणाला आणि गेला. त्याला अगदीच वाईट वाटलं असंही नाही. समुद्राकाठच्या माहदिया गावातल्या त्या घरात उरले दोघं: सल्वाचा नवरा लझहर आणि सल्वाची आई.

लझहर विणकर. दारालगतच्या खोलीत त्याचा माग. नवऱ्यामुलींच्या रेशमी शाली विणायचा. बोलण्यात भलता कंजूष. सल्वा होती तेव्हा दोघांचं बोलणं तीच बोलायची. आता ते काम सासूनं उचललं. मागाशेजारी चटईवर बसून ती त्याच्या धाग्याच्या कांड्या भरून द्यायची आणि दिवसभर त्याचा उद्धार करायची.

तिला साखरेचा आजार. लझहर सकाळी गोळी द्यायचा, भाजल्या पिठाचा बसीसा तेलात कालवून, साखर न घालता पुढं ठेवायचा. ती तोंड वाकडं करून खायची आणि उशीच्या अभ्र्यात खजुराच्या वड्या लपवायची. तो चादर बदलताना त्या काढायचा. गुरुवारी शेजारची मबरूका तिला हमामात नेऊन न्हाऊ घालून आणायची. वेणी मात्र लझहरकडे. पहिल्या दिवशी त्यानं इतकी ताणून घातली, की म्हातारीच्या भुवया वर गेल्या.

"मेल्या, माझ्या डोक्याची शाल विणायला घेतलीस का?"

"हलू नका आई, धागा सुटतो."

"धागा नाही रे, केस आहेत ते! मोजकेच राहिलेत, जपून!"

कॅफेतले मित्र त्याला सोडत नसत. "बायको गेली आणि सासू उरली! लझहर, लोकांचं नशीब उलटं असतं, तुझं तर पार डोक्यावर उभं आहे." लझहर हसायचा, कॉफी संपवायचा आणि म्हातारीच्या गोळीची वेळ झाली म्हणून उठायचा. हे सगळं कर म्हणून त्याला कुणी सांगितलं नव्हतं. सल्वानंही नाही. म्हातारी तिथं होती, तोही तिथं होता, एवढंच.

मग एका लग्नात घोटाळा झाला. भर मांडवात कुणा काकानं राऊफला विचारलं, "काय रे, तुझी आई जावयाच्या घरी जेवते म्हणे? तुझ्याकडे भाकरी महाग झाली का?" दुसऱ्या सकाळी राऊफची गाडी लझहरच्या दारात.

"भाऊजी, तुम्ही फार केलंत. पण मी अजून जिवंत आहे. आई माझ्या घरी राहील."

मन्नूबियानं मुलाकडे पाहिलंसुद्धा नाही. हातातली कांडी खाली ठेवून ती लझहरकडे वळली. "तू काय म्हणतोस?"

लझहरच्या मनात आलं, हा पोटचा मुलगा. मी कोण? ज्या नात्यानं मी हिचा जावई, ते नातं तर मातीखाली गेलं.

"राऊफचा हक्क आहे, आई," तो म्हणाला.

"बरं." म्हातारी उठली. त्यानं तिची पिशवी भरली, गोळ्या वर ठेवल्या, गाडीपर्यंत हात धरून नेली. तिनं काच वर केली आणि समोर बघत बसली.

पहिले दोन दिवस लझहरनं मजेत काढले. रेडिओवर फुटबॉलचा सामना मोठ्यानं ऐकला. मासे तिखटजाळ केले, घाम पुसत खाल्ले. तिसऱ्या दिवशी मागावरून त्यानं हाक मारली, "आई, चहा ठेवू का?" आणि मग मागाचा धोटा हातात धरून तसाच बसून राहिला. त्या आठवड्यात शालीच्या काठात इतक्या चुका झाल्या, की निम्मा काठ उसवावा लागला.

तो फोन करायचा. राऊफची बायको इब्तिसाम प्रत्येक वेळी अवघडून सांगायची, "त्या नमाजाला बसल्यात." इतकी नमाज तर इमामही पढत नसेल. शेवटी शुक्रवारी ताजे मासे घेऊन तो आगगाडीत बसला आणि सूसला पोचला.

म्हातारी दिवाणखान्यात ठेवणीतला झगा घालून बसली होती. "या, लझहरसाहेब. बसा. घरचे सगळे बरे?"

"घरी कोण आहे, आई? मी आणि मांजर."

"मांजराला माझा सलाम सांगा."

इब्तिसामनं सरबत आणलं. राऊफ येऊन बसला. लझहर टोपी हातात पिळत राहिला. पिळून पिळून तिचा बोळा झाला, तेव्हा कुठं तोंडातून शब्द निघाला. "आई, घरी चला."

"का? पुण्य हवंय? मशीद झाडून काढ, तेवढंच मिळेल."

"पुण्याचं नाही. मला एकट्याला जेवण जात नाही. आणि कुणी शिव्या दिल्याशिवाय माग चालत नाही."

"मग त्या दिवशी तोंडाला काय झालं होतं?"

"वाटलं, माझा हक्क नाही."

"हक्क कुणी विचारला होता रे? तुला काय हवंय ते विचारलं होतं मी!" म्हातारीचा आवाज एकदम फाटला. तिनं झग्याच्या बाहीनं नाक पुसलं.

राऊफचा चेहरा उतरला. "आणि मी, आई? मी कुणीच नाही?"

तिनं त्याचा हात ओढून मांडीवर घेतला. "तू माझा लेक आहेस. तुझ्याकडे मला काही कमी नाही. इब्तिसाम मला पाण्याचा पेलासुद्धा उचलू देत नाही, गुणाची पोर. दिवसभर नुसती बसून असते रे मी. तिकडे निदान कांड्या भरते."

"पण लोकांना काय सांगू?"

"सांग, डॉक्टरांनी समुद्राची हवा घ्यायला सांगितलीय."

"आई, समुद्र सूसलाही आहे."

"मग सांग, तिकडचा जास्त खारट आहे."

इब्तिसामला हसू आवरेना. आधी ती हसली, मग राऊफही, डोळे पुसत. म्हातारीनं लगेच हुकूम सोडला: दर रविवारी राऊफनं माहदियाला यायचं आणि आईच्या पायांना तेल लावायचं. नुसतं येऊन सरबत पिऊन जायचं नाही.

राऊफ येऊ लागला. तेल लावताना तिला गुदगुल्या व्हायच्या आणि ती ओरडायची. वेणीचा प्रयत्न त्यानं एकदाच केला. त्यानंतर मबरूकाला बोलावून गुंता सोडवावा लागला. पुढं पुढं तो शनिवारीच येऊन राहू लागला. मेहुणे-मेहुणे मिळून मासे साफ करायचे आणि म्हातारी दोघांनाही नावं ठेवायची.

अशी ती आणखी चार हिवाळे जगली. एका सकाळी उठलीच नाही. समुद्राकाठच्या कबरस्तानात माती दिल्यावर घरचे पुरुष सांत्वन घ्यायला रांगेत उभे राहिले. लझहर जरा मागं, शेजाऱ्यांत उभा होता. राऊफनं मान वळवून त्याला शोधलं, बाहीला धरून पुढं ओढलं आणि आपल्या शेजारी उभं केलं. लोक आले, आधी एकाला मिठी मारली, मग दुसऱ्याला. कुणी काही विचारलं नाही.

राऊफ अजूनही शनिवारी येतो. परवा लझहरला खोकला झालाय हे पाहून तो त्याच्यावर असा काही खेकसला, की मबरूकानं भिंतीपलीकडून विचारलं, "काय हो, मन्नूबियाबाई परत आल्या की काय?"