चौदाशे चाळीस अंजिरं

कोर्टाच्या तळमजल्यावर जप्त केलेला माल ठेवायची खोली होती. तिथल्या कारकुनाला सगळे मोजणीकाका म्हणत. आलेली वस्तू स्वतःच्या हाताने मोजल्याशिवाय त्यांनी तीस वर्षांत ना कधी घेतली, ना दिली. पोतंभर खिळे आले तरी एकेक खिळा मोजणार! घरी बायको मटार सोलायला बसली की त्यांना मुद्दाम दुसऱ्या खोलीत पिटाळायची, कारण काका दाणे मोजत बसत आणि स्वयंपाक लांबे. पण कोणी काही म्हणो, त्यांच्या ताब्यातून कधी टाचणी हरवली नव्हती आणि याचा त्यांना भारी अभिमान होता.

गुरुवारी दुपारी तिथे अंजिरं आली. एका बागवालीच्या टेम्पोचा परवाना आदल्याच दिवशी संपला होता. तपासणी अधिकाऱ्याने टेम्पो तर अडकवलाच, वर चाळीस पेट्या अंजिरंही जप्त केली. आता अंजिरांनी काय गुन्हा केला होता, ते त्यालाच ठाऊक. काकांनी बाह्या सरसावल्या आणि एकेक अंजीर उचलून मोजलं. जप्तीच्या कागदावरच्या आकड्यापेक्षा एक कमी भरलं. पुन्हा पहिल्यापासून मोजलं, तेव्हा ते बेटं एका पेटीच्या कोपऱ्यात दडलेलं सापडलं. चौदाशे चाळीस! काका खूश झाले.

शुक्रवारी बागवालीने कोर्टात धाव घेतली. पुढचे दोन दिवस सुट्टी. सोमवारपर्यंत अंजिरांचा लगदा झाला असता आणि तिची वर्षभराची मेहनत पाण्यात गेली असती. न्यायाधीशबाईंनी ऐकून घेतलं आणि चार वाजता हुकूम दिला: टेम्पोचं प्रकरण चालू राहील, माल मात्र आजच, मोजून, हिच्या ताब्यात द्यावा.

बागवाली कागद घेऊन धावतच खाली आली. काकांनी पहिली पेटी उघडून हात घातला, तशी ती ओरडली, "काका, थांबा! ही बोटं कुणाची?"

काही अंजिरांवर काळपट ठसे उमटले होते, सालं फाटली होती. बोटं काकांचीच होती.

"काल जरा कच्ची होती म्हणून निभावलं," बागवाली म्हणाली. "आज सगळी पिकलीत. आता एकेक उचललंत तर मला पातेलंच आणावं लागेल."

"पण हुकमात 'मोजून' लिहिलंय ना, बाई."

"मग मोजा. माझ्या डोळ्यांदेखत माती करा सगळ्याची." ती भिंतीला टेकून मटकन खाली बसली.

काकांना मेल्याहून मेल्यासारखं झालं. अधिकाऱ्याने माल नुसता धरला होता, नासवला होता तो त्यांनी. घड्याळात सव्वाचार झाले होते. कामाच्या वेळेत चहालाही न उठणारे काका खोलीला कुलूप घालून निघाले आणि तीन जिने चढून न्यायाधीशबाईंच्या दारात धापा टाकत उभे राहिले.

"मॅडम, 'मोजून'च्या जागी तेवढं 'पेट्या मोजून' करता का?"

बाईंनी चष्मा काढला. "काय हो, मोजायला नको असं तुम्ही म्हणताय?"

"मी मोजलं की ती फुटतात, मॅडम."

शिपायाने तोंडावर हात धरला. बाईंनी हसतहसत दुरुस्ती केली आणि सही ठोकली.

पाचला पाच कमी असताना चाळिसावी पेटी भाड्याच्या टेम्पोत चढली. बागवालीचा चेहरा असा खुलला की काकांनाही भरून आलं. ठसे उमटलेली अंजिरं तिने पेट्या चढवतानाच निवडून पिशवीत भरली होती.

"ही आता कोण घेणार?" ती म्हणाली.

"मी घेणार," काका म्हणाले. ती नको नको म्हणत असताना त्यांनी चांगल्या मालाचा भाव तिच्या हातावर ठेवला.

घरी बायकोने पिशवीत डोकावून पाहिलं. "अगंबाई! किती आहेत हो?"

काकांनी एक अंजीर तोंडात टाकलं. "कुणास ठाऊक."

बायकोने मटारची टोपली उचलली आणि त्यांच्यापुढे सरकवली.

"घ्या," ती म्हणाली, "आजपासून तुम्ही सोला."