आप्पा, डावा मोजा काढू का?

अगं ऐक ना, फोन ठेवू नकोस! काल दौंडला जे झालंय ना, ते कुणाला तरी सांगितल्याशिवाय मला घास उतरणार नाहीये. पण डायरेक्ट कालचं सांगितलं तर तुला काही कळायचं नाही. सुरुवातीपासून ऐक.

तुला माहितीये ना, मी आठवड्यातून तीन दिवस पुण्याहून दौंडला जाते? खताच्या दुकानाच्या वरच्या मजल्यावर आमचा क्लास आहे. आजूबाजूच्या गावातल्या पोरापोरींना जर्मनीतल्या म्हाताऱ्या माणसांची काळजी घ्यायला शिकवायचं, परीक्षेत पास करायचं आणि विमानात बसवायचं. भाषा मी शिकवते. आणि किस्से म्हणशील तर शेतातून चालून आल्यावर सलवारीला कुसळं चिकटतात ना, तसे चिकटतात. घरी येऊन एकेक उपटत बसायचं!

*

क्लासचे मालक भाऊसर. प्रॅक्टिकलसाठी पेशंटची डमी लागते, ती फार महाग. म्हणून भाऊसरांनी काय आणलं असेल? साडीच्या दुकानातला पुतळा! लिपस्टिकवाला!

विशाल म्हणून एक पोरगा आहे, कवठे येमाईचा. त्याने पुतळ्याभोवती एक चक्कर मारली. "सर, हिला आंघोळ घालायचीय, पन कंबरंखाली नुसता दांडा हाय."

भाऊसर म्हणाले, "जेवढी आहे तेवढी घाल!"

शेवटी कोमल कामाला आली. ही वरवंडची. आई वारल्यापासून आजोबांचं सगळं हीच बघते. वडील पाटसला कारखान्यावर, भाऊ पुण्यात. आजोबांना घरी एकटं सोडता येत नाही म्हणून ही रोज त्यांना स्कूटीवर मागे बसवून क्लासला आणायची. आप्पा आपले शेवटच्या बाकावर पागोटं सांभाळत बसायचे. जन्मभर मेंढरं राखलेला माणूस.

भाऊसरांचं लक्ष गेलं. "अरे! जिवंत मॉडेल! तेही फ्री!"

*

आता त्या अभ्यासक्रमात नियम नंबर एक असा की, म्हाताऱ्या माणसाला हात लावण्याआधी विचारायचं. प्रत्येक गोष्ट! आणि ते नको म्हणाले तर नको. त्यांचा शब्द शेवटचा.

विशाल गुडघ्यावर बसला. "आप्पा, तुमचा डावा मोजा काढू का?"

"काढ की. इचारतोस काय? मी काय कोर्टात हाय व्हय?"

त्याने काढला. "आप्पा, आता उजवा मोजा काढू का?"

"आरं, मंग उजवा काय पुजंला ठिवतोस?"

आख्खा क्लास खाली वाकून हसतोय. पण दोन आठवड्यांत आप्पांना त्याची सवय लागली! घरी कोमलच्या वडिलांनी चहाचा कप पुढे केला, तर म्हणाले, "इचारलंस का?"

*

विशालनं हाच प्रयोग गावी केला. रविवारी घरी गेला आणि आजीसमोर बसला. एकदम गोड आवाजात म्हणाला, "आजी, तुझ्या पायाला तेल लावू का?"

आजी पाच मिनिटं त्याच्याकडे बघत बसली. मग म्हणाली, "आंगठा कुठं उमटवायचाय ते सांग. आन् कंचं रान इकताय?"

*

मग माहितीपत्रकाचा किस्सा. तिकडे जर्मनीत प्रत्येक म्हाताऱ्या माणसाचं एक पत्रक असतं. काय आवडतं, किती वाजता उठतात, कशाची भीती वाटते, सगळं त्यात. मी होमवर्क दिला, आपल्या घरातल्या एकाचं भरून आणा. दुसऱ्या दिवशी काय? जवळजवळ सगळ्यांची पत्रकं कोरी! एकानं 'आवडता पदार्थ' समोर लिहिलं होतं, 'देऊ ते'.

भाऊसर जाम चिडले. त्यांच्या खुर्चीमागे फ्लेक्स आहे बरं का, 'वृद्धसेवा हीच देशसेवा'. म्हणाले, "लाज वाटत नाही? आणा इकडे, मी माझ्या आईचं भरून दाखवतो!"

पेन उघडलं. पहिलाच रकाना, पत्ता. तिथेच थांबले. तिघं भाऊ ना ते. आई चार महिने शिरूरला थोरल्याकडे, चार महिने यांच्याकडे, चार महिने धाकट्याकडे.

हळूच मला विचारतात, "मॅडम, महिना कुठला चालूय?"

एक कोमलचंच पत्रक दोन्ही बाजूंनी भरलेलं. चारला उठतात. गुळाचा चहा. काठी डाव्या हाताला लागते, नाहीतर झोप येत नाही. अंधारात मेंढरं मोजतात, मध्ये टोकायचं नाही. मी म्हटलं, "कोमल, एवढं कशाला लिहिलंस?"

"मी गेल्यावर बाबांना द्यायला, मॅडम. त्यांना ह्यातलं कायबी म्हाईत न्हाई."

आप्पा मागच्या बाकावर होते. ऐकू कमी येतं त्यांना. म्हणजे, मला तसं वाटायचं.

*

मग सराव परीक्षा. व्हिडिओ कॉलवर तिकडच्या परीक्षक बाई. दुभाषी मी. मला सक्त ताकीद, आजोबा जे बोलतील ते जसंच्या तसं सांगायचं, आपल्या पदरचं काही घालायचं नाही.

बाईंनी हसून विचारलं, आजोबा, कसे आहात?

आप्पा म्हणाले, "हिच्या आईला कोन संभाळतंय ते इचार आधी."

आता हे कसं सांगायचं! मी सांगून टाकलं, ते म्हणतायत छान आहे, तुमच्या आई कशा आहेत?

बाई इतक्या खूश! त्यांची आई वृद्धाश्रमात असते. एक रविवार सोडून एक रविवार त्या भेटायला जातात, अपॉइंटमेंट घेऊन. मी आप्पांना सांगितलं.

"आपाइंटमेंट? सोताच्या आईची?" आप्पांनी डोक्याला हात लावला. मग सावकाश भाऊसरांकडे वळले. "आन् आपल्यात चार म्हैन्यांची. म्हंजी हिची बरी की!"

बाईंनी विचारलं, काय म्हणाले? मी म्हटलं, तुमचं कौतुक करतायत!

*

आणि काल खरी परीक्षा, पुन्हा व्हिडिओ कॉलवर त्याच बाईंसमोर. कोमलची.

आप्पांना पलंगावर बसवलेलं. कोमल एकेक गोष्ट विचारतेय, तोंड पुसू का, बटण काढू का, उशी वर करू का. आणि आप्पा अगदी शहाण्यासारखे, "व्हय. कर. व्हय." मध्ये पाणी सांडलं तर घरच्यासारखं "हलू नगा ओ आप्पा!" असं तिच्या तोंडून निघालं. लगेच जीभ चावली आणि नीट माफी मागितली. बाईंनी मान डोलावली. भाऊसर कॅमेऱ्याच्या मागे उभे राहून विशालला खुणा करतायत, जा, पेढे घेऊन ये!

मग बाई म्हणाल्या, शेवटचा प्रश्न आजोबांना. यांच्या उत्तराशिवाय मी सही करत नाही, कारण ज्याची काळजी घेतली त्याचा शब्द शेवटचा. आजोबा, या मुलीला आमच्याकडे पाठवावं का?

मी मराठीत सांगितलं. आप्पांनी पागोटं नीट केलं. मग मला म्हणाले, "म्याडम, मागल्या बारीला तू माजं बोलनं बदललंवतंस. ती बाई हसली तवाच वळाखलं मी. आज जसंच्या तसं सांगशील?"

मी म्हटलं, "हो आप्पा."

"मंग सांग तिला. ह्या पोरीला कायबी येत न्हाई. नापास करा हिला."

आणि अगं, त्यांच्या मुठीत कोमलच्या एप्रनचं टोक! कॅमेऱ्यात दिसत नव्हतं, मला दिसत होतं. टोक त्यांनी धरलंय हे कोमलला अजून कळलेलंही नव्हतं. हातात टॉवेल तसाच, आणि ती माझ्याकडे बघतेय. भाऊसर मागून दोन्ही हात जोडतायत. विशाल पेढ्यांची पुडी घेऊन दारात.

बाई स्क्रीनच्या जवळ आल्या. विचारतात, काय म्हणाले आजोबा?

मी काय केलं ते सोड. तू सांग ना. माझ्या जागी तू असतीस, तर काय सांगितलं असतंस?